विश्लेषण : पास्ता शिजेपर्यंत मासळी तयार! इटलीतल्या रोजच्या रात्रीच्या जेवणाचे गणित काय?

पास्ता म्हटले की आपल्याकडे डोळ्यांसमोर येतो तो पांढरा सॉस, वरून किसलेले चीज, मक्याचे दाणे आणि ढोबळी मिरची. इटलीच्या किनारपट्टीवर, विशेषतः सिसिली बेटावर आणि नेपल्सच्या परिसरात, कामावरून दमून आलेला माणूस रात्री जो पास्ता करतो त्यात बरेचदा यातले काहीही नसते. त्यात असतो मासा, आणि तोही बहुधा खारवलेला किंवा डब्यातला. पाणी चुलीवर चढवल्यापासून ताट वाढेपर्यंत २० ते २५ मिनिटे लागतात. हा वेग येतो कुठून, आणि मुंबई, कोकण किंवा गोव्यातल्या स्वयंपाकघरात हा पदार्थ करताना कोणती घाई महागात पडू शकते, हे समजून घेण्यासारखे आहे.

मासा आणि पास्ता एकत्र आले कसे?

सिसिलीचा नॉर्मन राजा दुसरा रॉजर याच्या दरबारातील अरब भूगोलतज्ज्ञ अल्-इद्रिसी याने ११५४ मध्ये पूर्ण केलेल्या ग्रंथात पालेर्मोजवळच्या त्राबिया या गावाचा उल्लेख आहे. तिथे ‘इत्रिया’ नावाचा, शेवयांसारखा सुका पदार्थ मोठ्या प्रमाणावर तयार होतो आणि जहाजांत भरून मुस्लीम व ख्रिस्ती अशा दोन्ही मुलुखांत पाठवला जातो, असे त्याने नोंदवले. सुका पास्ता टिकतो आणि जहाजावर चालतो. बेटाच्या चारही बाजूंना समुद्र, समुद्रात तारलीच्या कुळातला सार्दिन आणि मांदेलीच्या कुळातला अँचोव्ही. हे दोन्ही गरिबाला परवडणारे मासे. त्यांची पास्त्याशी गाठ पडली नसती तरच नवल.

या जोडीचा सर्वात प्रसिद्ध पदार्थ म्हणजे ‘पास्ता कोन ले सार्दे’, म्हणजेच सार्दिनचा पास्ता. त्यात रानबडीशेपेचा कोवळा पाला, बेदाणे, चिलगोजे, केशर आणि वरून भाजलेल्या पावाचा चुरा असतो. अरबांची सिसिलीवरील स्वारी ८२७ मध्ये सुरू झाली. त्या फौजेच्या आचाऱ्याने किनाऱ्यावर उतरताच हाताला लागेल ते एकत्र करून हा पदार्थ केला, अशी आख्यायिका सांगतात. आख्यायिका म्हणूनच ती ऐकावी. मात्र बेदाणे, केशर आणि मासा हे एका ताटात आणणारी चव अरबी वळणाची आहे, हे जिभेला कळते. हा पदार्थ झटपट होत नाही. पाला उकडायचा, मासे साफ करायचे, केशर भिजवायचे, यात संध्याकाळ जाते. ज्यांना मासाही परवडत नसे त्यांनी याच पदार्थातून मासा वगळला आणि त्याला नाव दिले ‘सार्दे आ मारे’, अर्थात ‘मासे अजून समुद्रातच आहेत’ असा पास्ता. आपल्याकडच्या एखाद्या खवचट आजीला शोभेल असे हे नाव आहे.

मग रोजच्या रात्री काय करतात?

झटपट प्रकार मुख्यतः तीन. पहिला, खारवलेला अँचोव्ही तेलात विरघळवून त्यात स्पॅगेटी परतायची आणि चीजऐवजी भाजलेला पावाचा चुरा घालायचा. दुसरा, तेलातल्या डब्याबंद ट्यूनाचा. तिसरा सर्वात जुन्या वळणाचा आणि सर्वात कमी कष्टाचा, तो म्हणजे ‘कोलातुरा’चा.

या तिन्हींत एक गोष्ट समान आहे. खरा वेळखाऊ स्वयंपाक आधीच दुसऱ्या कुणी तरी करून ठेवला आहे. अँचोव्ही डोके आणि आतडी काढून मिठाच्या थरांत महिनोन् महिने दाबून ठेवतात. या काळात माशातील प्रथिने हळूहळू तुटतात आणि ग्लुटामेटसारखी, चवीला भरीवपणा देणारी द्रव्ये मोकळी होतात. म्हणूनच हा मासा गरम तेलात पडला की मिनिटभरात अक्षरशः विरघळतो आणि मागे ‘मासळी’ न राहता नुसती खोल, खारट चव उरते. मासा न खाणाऱ्या पाहुण्याला फसवून खाऊ घालता येईल इतकी ती माशापासून दूर गेलेली असते. (अर्थात असे करू नये.)

अमाल्फी किनाऱ्यावरील चेतारा या छोट्या गावात हीच प्रक्रिया आणखी पुढे नेतात. लाकडी पिंपात अँचोव्ही आणि मीठ यांचे थर देऊन वर वजन ठेवतात आणि कित्येक महिन्यांनी पिंपातून झिरपणारा तपकिरी अर्क गोळा करतात. हीच कोलातुरा. २०२० मध्ये तिला युरोपीय संघाचे संरक्षित भौगोलिक नाव मिळाले. प्राचीन रोमन लोक ‘गारुम’ नावाचा माशाचा आंबवलेला रस वापरत, त्याचे हे वंशज मानले जाते. नाताळच्या आदल्या रात्री, मांस वर्ज्य असताना, त्या भागात कोलातुराची स्पॅगेटी आवर्जून होते. कृती तर हास्यास्पद वाटावी इतकी सोपी आहे. वाडग्यात ऑलिव्ह तेल, ठेचलेला लसूण, मिरची आणि चमचा-दोन चमचे कोलातुरा घ्यायची, शिजलेली स्पॅगेटी त्यात घोळायची, संपले. यात सॉस चुलीवर चढतच नाही. फक्त एक पथ्य आहे, पास्त्याच्या पाण्यात मीठ घालायचे नाही. जे काही मीठ लागते ते त्या अर्कात आहे.

ट्यूनाची कथा वेगळी, ती कारखान्यांची. सिसिलीच्या पश्चिमेला फाविन्याना बेट आहे. १९व्या शतकात फ्लोरिओ या धनाढ्य घराण्याने तिथे ट्यूना पकडून, उकडून, तेलात घालून डब्यात बंद करण्याचा उद्योग उभारला. आज तिथे संग्रहालय आहे. तेलातला डबा घराघरात गेला आणि ‘घरात काही नाही’ या रात्रीची सोय झाली.

नेमके करायचे कसे?

दोन माणसांसाठी १८० ते २०० ग्रॅम स्पॅगेटी पुरते. इटलीतला ढोबळ नियम आहे तो १०० ग्रॅम पास्त्याला एक लिटर पाणी आणि १० ग्रॅम मीठ. मासा खारवलेला असेल तर मीठ निम्म्यावर आणावे. पाणीही थोडे कमी घेतले तरी चालते, उलट ते बरे, का ते पुढे येईल.

पाणी चुलीवर चढले की पहिले काम पावाचे. कालचा उरलेला लादीपाव किंवा ब्रेडच्या दोन स्लाइस हाताने चुरून चमचाभर तेलात मंद आचेवर तांबूस होईपर्यंत परतून बाजूला ठेवाव्यात. सिसिलीत याला गरिबाचे चीज म्हणतात, पण ही नुसती काटकसर नाही. मऊ पास्ता आणि विरघळलेला मासा यांत दाताखाली कुरकुरीत काही तरी हवे असते, ते काम हा चुरा करतो. तो टाळून हा पदार्थ करू नये.

पास्ता पाण्यात पडला की दुसऱ्या चुलीवर पसरट कढई ठेवावी. तीन-चार मोठे चमचे ऑलिव्ह तेल आणि पातळ कापलेल्या तीन-चार लसूण पाकळ्या थंड कढईतच घालाव्यात आणि मग आच लावावी. लसूण कडकडीत तेलात टाकायची आपली फोडणीची सवय इथे आवरावी लागते, कारण तो करपला तर कडवटपणा शेवटपर्यंत जात नाही. लसूण जेमतेम रंग बदलू लागला की सुक्या मिरचीचे तुकडे आणि अँचोव्हीचे सहा ते आठ तुकडे घालून, आच मंद ठेवून चमच्याने दाबत राहावे. ते विरघळले की त्यात पास्त्याचे अर्धी वाटी पाणी ओतावे.

पाकिटावर नऊ मिनिटे लिहिले असतील तर सातव्या मिनिटाला पास्ता चिमट्याने उचलून थेट कढईत घालावा. उरलेली दोन मिनिटे तो तिथेच, सॉसमध्ये शिजतो. आच मोठी करून सतत हलवावे, लागेल तसे पाणी घालावे. कढईत तेल आणि पाणी वेगवेगळे दिसणे थांबले आणि सगळ्यावर चकचकीत, किंचित दाट लेप आला की आच बंद. लिंबाची किसलेली साल, बारीक चिरलेली पार्सली आणि ताटात वाढल्यावर पावाचा चुरा. पार्सलीऐवजी कोथिंबीर चालते का? चालते, पण पदार्थ इटलीचा राहत नाही, आपला होतो. त्यात वाईट काही नाही.

डब्यातला ट्यूना असेल तर एवढाच फरक की तो तेलात परतत बसायचे नाही. तो आधीच पूर्ण शिजलेला असतो. पुन्हा शिजवला की त्याचा कोरडा भुसा होतो. टोमॅटो घालायचा तर तो लसणावर पाच-सात मिनिटे शिजवून घ्यावा, आणि ट्यूना पास्त्याबरोबर, अगदी शेवटी.

पास्त्याचे पाणी फेकायचे का नाही?

या पदार्थात चीज, क्रीम किंवा मैदा नाही. तरीही सॉस पास्त्याला चिकटतो, याचे श्रेय त्या गढूळ पाण्याला. शिजताना पास्त्यातील थोडा स्टार्च पाण्यात उतरतो. तेल आणि पाणी एरवी एकत्र नांदत नाहीत. पण स्टार्चमुळे पाणी दाट होते आणि जोरात हलवल्यावर तयार होणारे तेलाचे बारीक थेंब पुन्हा एकमेकांना मिळत नाहीत. पास्ता कमी पाण्यात शिजवला तर हे पाणी अधिक स्टार्चयुक्त होते. पुरणाची डाळ शिजवल्यावर वरचा कट आमटीसाठी राखणाऱ्या घरांना हे वेगळे शिकवावे लागू नये. तरीही आपल्याकडे पास्ता चाळणीत उपसून, वर थंड पाणी ओतून धुतला जातो. तो धुतला की पृष्ठभागावरचा स्टार्च जातो आणि सॉस ताटाच्या तळाशी साचतो.

पास्ता कशाचा आहे, यालाही महत्त्व आहे. इटलीत १९६७च्या कायद्यानुसार सुका पास्ता ड्युरम गव्हाच्या रव्याचाच असावा लागतो. ड्युरमचे दाणे कठीण आणि प्रथिनांनी समृद्ध असतात. प्रथिनांचे जाळे स्टार्चला धरून ठेवते, म्हणून पास्ता शिजूनही दाताला किंचित लागतो. महाराष्ट्राला हा गहू परका नाही. शेवयांसाठी ज्या बन्सी गव्हाचा रवा आजी निवडून आणत असे, तो ड्युरमच. मैद्याचा स्वस्त पास्ता मात्र शेवटच्या दोन मिनिटांच्या परतण्यात लगदा होतो. पाकिटावर ‘ड्युरम’ हा शब्द आहे का, एवढे पाहून घेतले तरी निम्मे काम होते.

ताजा मासा घातला तर?

जरूर घालावा, मात्र क्रम उलटतो. आपल्या कालवणात मासा आंबट-तिखट रसात उकळतो, त्याला रस मुरावा लागतो. पास्त्यात मुरायला वेळच नाही. माशाच्या स्नायूंत चिवट धागे फार कमी असतात, त्यामुळे पातळ तुकडा दोन ते चार मिनिटांत शिजतो आणि पुढच्या दोन मिनिटांत कोरडा पडू लागतो. थोडक्यात, पास्त्याला नऊ मिनिटे आणि माशाला तीन. म्हणून मासा शेवटी. मांस पारदर्शक न राहता पांढरे झाले आणि काट्याने दाबल्यावर पापुद्रे सुटले की शिजला.

सिसिलीत तलवार माशाचे चौकोनी तुकडे, छोटे टोमॅटो आणि पुदिना असा पास्ता करतात. आपल्याकडे त्या जागी सुरमई उत्तम बसते. काटा काढलेल्या सुरमईचे इंचभर तुकडे लसणाच्या तेलात दोन मिनिटे परतून बाजूला काढावेत, टोमॅटो शिजवावा आणि मासा पास्त्याबरोबर परत घालावा. कोळंबीला तर दीड-दोन मिनिटे पुरतात. बांगडा आणि तारली चवीला सार्दिनच्या सर्वात जवळ, पण काट्यांचा प्रश्न येतो. स्पॅगेटीच्या गुंडाळीत काटा सापडणे अवघड असते, तेव्हा मासेवालीकडूनच मधला काटा काढून दोन पाती करून घ्याव्यात आणि घरी बोटाने चाचपून उरलेले काटे वेचावेत. लहान मुलांच्या ताटात हा मासा न घातलेलाच बरा. मांदेली हा अँचोव्हीचा सख्खा नातलग, दोघेही एकाच कुळातले. ती रव्यात कुरकुरीत तळून पास्त्यावर पावाच्या चुऱ्याच्या जागी घातली तर चुऱ्याची आठवण येणार नाही. ओला बोंबील मात्र यात घालू नये. त्यात पाणी इतके की कढईत तो आणि सॉस दोन्ही विस्कटतात.

चीज घालायचे की नाही?

इटलीत मासळीच्या पास्त्यावर चीज मागितले की वाढप्याच्या भुवया उंचावतात. कारण साधे आहे. मुरवलेल्या चीजची चव दांडगी असते, माशाची नाजूक. शिवाय मांस वर्ज्य असलेल्या दिवसांचा हा स्वयंपाक, त्यात साधेपणा अपेक्षित होता. तरीही नियम सर्वत्र पाळला जात नाही, दक्षिण इटलीत शिंपल्यांच्या पास्त्यावर पेकोरिनो हे मेंढीच्या दुधाचे चीज घालणारे आहेतच. अँचोव्ही किंवा ट्यूनाच्या पास्त्यावर घरी कुणी चीज किसले तर आकाश कोसळणार नाही. पांढऱ्या सॉसमध्ये सुरमई बुडवणे मात्र सुरमईचे पैसे वाया घालवणे आहे.

घाई कुठे करायची नाही?

मासा बाजारातून घरी आणताना. झटपट जेवणाचा खरा धोका कढईत नाही, तो पिशवीत आहे. बांगडा, तारली, ट्यूना, सुरमई या माशांच्या मांसात हिस्टिडिन हे अमिनो आम्ल भरपूर असते. मासा उबदार हवेत राहिला की जिवाणू त्याचे हिस्टामिनमध्ये रूपांतर करतात. चेहरा लाल होणे, अंगावर गांध्या, डोके दुखणे, मळमळ अशी लक्षणे खाल्ल्यानंतर काही मिनिटांपासून दोन-एक तासांत दिसतात आणि माणसाला वाटते की आपल्याला माशाची अॅलर्जी आहे. मुख्य म्हणजे एकदा तयार झालेले हिस्टामिन शिजवून, तळून किंवा डब्यात उकडूनही नष्ट होत नाही. वासावरूनही ते नेहमी ओळखता येत नाही. ‘नीट शिजवला की काही होत नाही’ हा दिलासा इथे खोटा ठरतो.

कार्यालयातून सुटल्यावर स्टेशनबाहेर बांगडे घ्यायचे, तासभर लोकलच्या गर्दीत पिशवी धरून उभे राहायचे आणि घरी पोहोचल्यावर आधी चहा, हा क्रम म्हणूनच बदलायला हवा. मासा घराजवळ आणि सर्वात शेवटी घ्यावा, पिशवीत बर्फ मागून घ्यावा, घरी आल्या आल्या तो फ्रिजमध्ये, चार अंशांच्या खाली जावा. गोठवलेला मासा ओट्यावर ठेवून नव्हे, तर आदल्या रात्रीपासून फ्रिजमध्ये ठेवून सुटा करावा. असा मासा खाऊन अंग लाल झाले, श्वास घ्यायला त्रास होऊ लागला किंवा ओठ सुजले तर घरगुती उपायांत वेळ न घालवता डॉक्टर गाठावा. विषबाधा की अॅलर्जी, हे ठरवणे त्यांचे काम.

डबा उघडल्यानंतर हाच नियम. उरलेला ट्यूना डब्यातच न ठेवता झाकणाच्या काचेच्या भांड्यात काढून फ्रिजमध्ये ठेवावा आणि एक-दोन दिवसांत संपवावा. फुगलेला किंवा शिवणीवर चेपलेला डबा उघडूच नये. मोठ्या जातींच्या ट्यूनात पाऱ्याचे प्रमाण अधिक असते, त्यामुळे गर्भवतींनी आणि लहान मुलांनी तो रोज खाऊ नये. छोट्या माशांत पारा कमी साठतो, त्यामुळे आठवड्यातून दोनदा हा पास्ता करणाऱ्या घरात तारली किंवा सार्दिनच्या डब्याला प्राधान्य द्यावे. डब्यातल्या सार्दिनचे काटे उष्णतेने इतके मऊ झालेले असतात की ते चुरडून सॉसमध्ये मिसळतात आणि कॅल्शियमही देऊन जातात.

पावसाळ्यात ताजी मासळी मिळत नाही तेव्हा काय?

जूनच्या सुरुवातीपासून किमान दोन महिने राज्याच्या किनाऱ्यावर यांत्रिक नौकांची मासेमारी बंद असते. बाजारात मिळते ते खाडीचे, गोड्या पाण्यातले किंवा बर्फातले. अँचोव्हीची बाटली मोठ्या शहरांबाहेर सहज मिळत नाही आणि मिळाली तरी महाग असते. मात्र कोकणातल्या घरात त्या वेळी बरणीत सुकट असतेच. तिचे काम अँचोव्हीच्या कामापासून फार दूर नाही, मीठ आणि उन्हाने मुरवलेली, चिमूटभरात कढई भारून टाकणारी चव. मूठभर सुकट निवडून, पाखडून, कोरडी भाजून घ्यावी. ती लसणाच्या तेलात मिरचीबरोबर परतावी, पास्त्याचे पाणी ओतावे, पुढची कृती तीच. सुकट विरघळत नाही, कुरकुरीत राहते, त्यामुळे पावाचा चुरा थोडा कमी घातला तरी चालतो. लिंबाची साल मात्र जरा जास्त लागते आणि पास्त्याच्या पाण्यातले मीठ चाखूनच घालावे लागते, कारण प्रत्येक बरणीतल्या सुकटीचा खारटपणा वेगळा असतो. खिडक्या आधी उघडून ठेवाव्यात, शेजारी शाकाहारी असतील तर विशेषच.